नायकाच्या शेजारची बाई

रोहिणी हट्टंगडी यांना चित्रपटांसाठी सुरुवातीला मिळालेल्या मोठ्या पुरस्कारांवर नजर टाकली की एक गोष्ट चटकन डोळ्यांत भरते. 'गांधी'तल्या कस्तुरबांसाठी ब्रिटिश अकादमीचा बाफ्ता पुरस्कार, 'अर्थ'मधल्या मोलकरणीसाठी फिल्मफेअर आणि 'पार्टी'तल्या मोहिनी बर्वेसाठी राष्ट्रीय पुरस्कार. तिन्ही सहायक अभिनेत्रीचे, आणि तिन्ही १९८०च्या दशकाच्या पहिल्या अर्ध्यातल्या कामाचे. राष्ट्रीय पुरस्कारांमध्ये सहायक अभिनेता-अभिनेत्री हा विभागच मुळी १९८४च्या चित्रपटांपासून सुरू झाला. त्या पहिल्या वर्षी अभिनेत्यांमध्ये 'घरे बाइरे'साठी व्हिक्टर बॅनर्जी आणि अभिनेत्रींमध्ये रोहिणीताई. या देशात सहायक अभिनेत्री म्हणून राष्ट्रीय पुरस्कार घेणारी पहिली बाई मराठी आहे, हे आपल्याकडे फारसं कोणी सांगत नाही.

त्यातही 'पार्टी' हा आम्हा यवतमाळकरांच्या घरचा मामला. गोविंद निहलानींचा हा चित्रपट महेश एलकुंचवारांच्या नाटकावरून आला, पटकथाही त्यांचीच. एलकुंचवार आमच्या जिल्ह्यातल्या घाटंजी तालुक्यातल्या पारव्याचे. जमीनदारांच्या वाड्यात जन्मलेला हा मुलगा पुढे शिकायला नागपूरला गेला आणि मराठी नाटकाची भाषाच बदलून बसला. 'वाडा चिरेबंदी'मुळे त्यांचं वऱ्हाडाशी असलेलं नातं सगळ्यांना ठाऊक झालं. 'पार्टी' मात्र मुंबईच्या उच्चभ्रू साहित्यिक वर्तुळाची गोष्ट, म्हणून ती कोणी इकडच्या मातीशी जोडत नाही. मला ती जोडावीशी वाटते. आतून पोकळ होत चाललेलं घर आणि त्यात मुकाट्यानं झिजणाऱ्या बायका हे एलकुंचवारांनी दोन्हीकडे दाखवलं, एकदा धरणगावच्या वाड्यात, एकदा दमयंती राणेच्या दिवाणखान्यात.

पुरस्कार मिळालेले नाटककार दिवाकर बर्वे यांच्यासाठी दमयंतीबाईंनी मेजवानी ठेवली आहे. बर्वे झालेत मनोहर सिंग, दमयंती विजया मेहता. ओम पुरी, अमरीश पुरी, सोनी राजदान, शफी इनामदार आणि शेवटाकडे काही क्षणांपुरते दिसणारे नसिरुद्दीन शहा अशी ही भरगच्च मैफल. त्यात मोहिनी बर्वे. एके काळची नटी. आता मोठ्या नाटककाराची बाई एवढीच तिची ओळख उरली आहे आणि हातातला पेला ही तिची सोबत. रोहिणीताईंनी या बाईचं दारू पिणं ज्या तऱ्हेनं केलंय ते बघण्यासारखं आहे. झोकांड्या खाणं, जीभ जड होणं हा नेहमीचा मसाला त्या जवळजवळ वापरतच नाहीत. मोहिनी एखाद्याशी बोलायला लागते आणि वाक्य अर्ध्यावर आलं की समोरच्याला आपल्यात रस नाही हे तिच्या लक्षात येतं. तरी ती वाक्य पुरं करते, हसू तसंच ठेवून. चारचौघांत आपली किंमत उतरली आहे हे कळूनही उठून जाता न येणं, ही या भूमिकेची सगळी वेदना त्या हसण्यात आहे. एका नटीनं नटीपण गमावलेल्या बाईचं काम करायचं, आणि तेही विजया मेहतांसारख्या दिग्दर्शक-अभिनेत्रीच्या समोर. सोपी परीक्षा नव्हती ती.

पूर्वाश्रमीच्या त्या रोहिणी ओक, पुण्याच्या. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात त्या इब्राहिम अल्काझींच्या हाताखाली शिकल्या. तिथला काळ शिस्तीचा होता. नाटकातल्या माणसाला वेशभूषेपासून प्रकाशापर्यंत सगळं यायला हवं आणि शरीर वाद्यासारखं तयार हवं, यावर अल्काझींचा कटाक्ष. तिथेच जयदेव हट्टंगडी भेटले. पुढे लग्न झालं आणि दोघं मुंबईला आली. जयदेवांनी लोर्काच्या 'येर्मा'वरून मराठीत आलेलं 'चांगुणा' बसवलं, त्यात मूल होत नाही म्हणून तळमळणारी नायिका रोहिणीताईंची. 'मीडिया' ही ग्रीक शोकांतिकाही जयदेवांनी त्यांना घेऊनच केली. म्हणजे रंगभूमीवर ही बाई नायिकाच होती. तिला शेजारी उभं केलं ते चित्रपटानं.

तरीही त्यांच्या मोठेपणाची गोष्ट त्या शेजारच्या जागेवरूनच सांगायला हवी, असं मला ठामपणे वाटतं.

'गांधी'चं चित्रीकरण नोव्हेंबर १९८०मध्ये सुरू झालं आणि पुढच्या वर्षीच्या मे महिन्यात संपलं. कस्तुरबांसाठी स्मिता पाटील आणि भक्ती बर्वे यांचाही विचार झाला होता. तीन मराठी अभिनेत्री, तिघीही एकीपेक्षा एक. रिचर्ड अ‍ॅटनबरोंनी रोहिणीताईंना निवडलं. योगायोगाचा एक धागा असा की कस्तुरबांची आणि रोहिणीताईंची जन्मतारीख एकच, ११ एप्रिल. पण योगायोगानं भूमिका उभी राहत नाही. दक्षिण आफ्रिकेतल्या तरुण संसारी बाईपासून १९४४ साली पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये प्राण सोडणाऱ्या वृद्धेपर्यंतचा, जवळपास अर्ध्या शतकाचा प्रवास त्यांना तीन तासांच्या चित्रपटात करायचा होता. त्यातही त्यांच्या वाट्याला आलेली मिनिटं मोजकीच.

आफ्रिकेतल्या आश्रमातला तो प्रसंग आठवा. शौचकूप साफ करायची पाळी बांवर आली आहे आणि ती त्यांना मान्य नाही. गांधी आधी समजावतात, मग चिडतात, मग दंडाला धरून तिला दाराबाहेर काढायला निघतात. हा प्रसंग बेन किंग्जलेंचा आहे, कारण त्यात बदलायचं आहे गांधींना. पण तो बदल घडतो कशामुळे? रोहिणीताईंच्या चेहऱ्यावर त्या क्षणी राग असतो, भीती असते, आणि या दोन्हींच्या वर एक साधा प्रश्न असतो: तुम्ही हे माझ्याशी करताय? तिच्या नजरेतला तो प्रश्न ज्या क्षणी गांधींपर्यंत पोचतो त्या क्षणी किंग्जलेंचा हात सैल पडतो. तिनं तिथे थोडा जास्त आक्रोश केला असता तर प्रसंग तिचा झाला असता आणि चित्रपट पडला असता. थोडं जास्त सोसलं असतं तर गांधी खलपुरुष दिसले असते. नेमकं किती करायचं आणि कुठे थांबायचं, याचा हा वस्तुपाठ आहे. सहायक भूमिकेचं खरं कसब इथे लागतं. प्रेक्षक नायकावर विश्वास ठेवतो तो बऱ्याचदा शेजारच्या माणसाच्या डोळ्यांतून.

दुसरा प्रसंग याच्या अगदी उलट. पोरबंदरला समुद्राच्या काठी म्हातारी झालेली ही जोडी अमेरिकन पत्रकाराला आपल्या लग्नातले विधी करून दाखवते. इथे बा किंचित लाजतात आणि त्या लाजण्यात अर्ध्या आयुष्याची मिष्किली असते. आधीच्या भांडणाचा हिशेब त्या दोघांनी कधीच मिटवून टाकलाय हे आपल्याला कोणी सांगत नाही, पण कळतं.

१९८३च्या बाफ्ता सोहळ्यात 'गांधी'ला पाच पुरस्कार मिळाले. सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार रोहिणीताई आणि 'रेड्स'मधल्या मॉरीन स्टेपलटन यांच्यात विभागून दिला गेला. त्याच वर्षी कोल्हापूरच्या भानू अथय्या यांनी याच चित्रपटाच्या वेशभूषेसाठी जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर घेतलं. बांच्या अंगावरचं साधं पातळ आणि ते नेसून वावरणारी बाई, दोन्हींचं श्रेय दोन मराठी बायकांचं. शाळेच्या पुस्तकात हे यायला हवं होतं.

'गांधी' पुन्हा बघताना माझं लक्ष ब्रिटिश नटांकडे फार जातं. जॉन गिलगुड म्हणजे त्यांच्या रंगभूमीचा मानदंड, इथे ते लॉर्ड आयर्विन आहेत काही मिनिटांपुरते. ट्रेव्हर हॉवर्ड १९४५च्या 'ब्रीफ एन्काउंटर'चा नायक. इथे त्यांना न्यायाधीश ब्रूमफील्ड म्हणून एकच प्रसंग मिळतो. आरोपी गांधी न्यायालयात येतात आणि न्यायाधीश उभे राहतात. हॉवर्ड उठतात ते घाईनं नाही, नाटकीपणानंही नाही. उठावं लागतंय याची थोडी अडचण आणि उठायलाच हवं याची खात्री, दोन्ही त्यांच्या खांद्यांत दिसतं. काम झालं, नट निघून गेला. जॉन मिल्स, एडवर्ड फॉक्स, इयन चार्ल्सन, जेराल्डीन जेम्स यांचंही तेच. इंग्रजांच्या नाट्यपरंपरेत आज हॅम्लेट करणारा नट उद्या पत्र आणून देणारा नोकर होतो आणि त्यात त्याला कमीपणा वाटत नाही. तिथे छोट्या भूमिकांवर आयुष्य काढलेल्या नटांची चरित्रं लिहिली जातात, त्यांच्या जाण्यावर वर्तमानपत्रं पानं खर्ची घालतात.

आपल्याकडे ही वृत्ती नव्हती असं नाही. याच 'गांधी'त गोपाळ कृष्ण गोखले झालेत डॉ. श्रीराम लागू. ज्यांनी १९७०मध्ये 'नटसम्राट' उभा केला, ते इथे थोडक्या वेळात येतात आणि भारत बघून या असं तरुण गांधींच्या मनात भरवून जातात. नाना पळशीकर एका दरिद्री खेडुताच्या रूपात दिसतात. पळशीकरांनी अख्खी कारकीर्द अशा माणसांची कामं करण्यात घालवली, आणि त्यांच्यावर वाचायला काही मिळतं का म्हणून शोधायला जावं तर हाती फारसं लागत नाही. यवतमाळला १९७३ साली भरलेल्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष ग. दि. माडगूळकर. ते स्वतः चित्रपटात शिरले ते बारीकसारीक भूमिका करतच. त्यांची गाणी आपल्याला तोंडपाठ आहेत, त्यांच्या भूमिकांबद्दल मात्र कोणी बोलत नाही. आपली परंपरा आहे, दफ्तर नाही.

'अर्थ' १९८२चा. महेश भटांचा हा चित्रपट शबाना आझमींचा आणि स्मिता पाटलांचा म्हणून ओळखला जातो, ते रास्तच. पण त्याचा कणा मला मोलकरणीत दिसतो. दारुड्या नवऱ्याचा मार खात ती मुलीच्या शाळेसाठी पै पै साठवते. नवरा ते पैसे उडवतो आणि ही बाई त्याचा जीव घेते. शबानांनी केलेल्या पूजाला घटस्फोट, स्वाभिमान, स्वतःचं घर हे सगळे शब्द उपलब्ध आहेत. मोलकरणीकडे शब्द नाहीत, फक्त मुलगी आहे. खून करून ती पूजाकडे धावत येते तेव्हा रोहिणीताईंच्या आवाजात पश्चात्ताप ऐकू येत नाही, मुलीचं कसं होणार एवढंच ऐकू येतं. शेवटी पूजा त्या मुलीला पदरात घेते, दोन्ही पुरुषांना नाही म्हणते आणि चालू लागते. मोलकरणीचं कथानक काढून टाका, पूजाच्या त्या निर्णयाला जमीनच उरत नाही.

'सारांश' १९८४चा. अनुपम खेर वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी निवृत्त शिक्षक प्रधान झाले याचं कौतुक गेली चाळीस वर्षं चालू आहे. त्यांच्या बरोबरीनं रोहिणीताई तरुण वयात म्हाताऱ्या पार्वतीबाई झाल्या होत्या, हे मात्र दुसऱ्या वाक्यात येतं. परदेशात मुलगा मारला गेला आहे. त्याच्या अस्थी सोडवताना कस्टमच्या कचेरीत प्रधान फुटतात, तो प्रसंग सगळ्यांना आठवतो. पार्वतीबाई फुटत नाहीत. त्या आशा धरतात, आणि ते जास्त भीषण आहे. भाडेकरू मुलीच्या पोटी आपला अजय परत येणार या समजुतीला त्या अशा घट्ट धरून बसतात की नवऱ्यालाच अखेर त्या मुलीला घराबाहेर काढावं लागतं. पार्वतीबाईंची ती वेडी खात्री रोहिणीताईंनी एकदाही हास्यास्पद होऊ दिली नाही. आपल्या गावात अशी एक तरी आई प्रत्येकानं पाहिलेली असते.

इथून पुढे हिंदी व्यावसायिक चित्रपटानं त्यांना आई करून टाकलं. 'चालबाज'मधली दुष्ट काकू हा त्यातला बदल म्हणायचा. 'अग्निपथ'मध्ये त्या अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या, वयानं त्यांच्याहून कितीतरी लहान असताना. तो ठरीव साचा होता. तरी मुलाच्या हाताला लागलेली घाण धुतल्याशिवाय त्याला पानावर बसू न देणारी ती मास्तरीण आई साच्याबाहेर येते. पुढे 'मुन्नाभाई एम.बी.बी.एस.'मध्ये सुनील दत्तांच्या शेजारी त्या दिसल्या. तेलुगू आणि मल्याळम चित्रपटांतही त्यांनी ठसठशीत कामं केली. या सगळ्या काळात हिंदी चित्रपटांनी त्यांच्याकडून घेतलं भरपूर, दिलं थोडं. हे माझं स्पष्ट मत आहे. कस्तुरबा करून आलेल्या अभिनेत्रीला मध्यवर्ती ठेवून दोन-चार चित्रपट लिहायला कोणी बसलं नाही.

ती भरपाई दूरदर्शन संचानं केली. ई टीव्ही मराठीवर २००१मध्ये सुरू झालेली 'चार दिवस सासूचे' २०१३पर्यंत चालली. तीन हजारांहून अधिक भाग. त्यातल्या आशा देशमुख म्हणजे रोहिणीताई. या मालिकेला नावं ठेवणारे पुष्कळ होते आणि तिच्यातलं ताणलेलं कथानक मलाही आवडत नव्हतं. पण आमच्या जिल्ह्यातल्या बायकांशी त्या मालिकेचं जे नातं जुळलं ते मी जवळून पाहिलं आहे. भारनियमनाचे दिवस होते ते. खेड्यांत लाइन कधी जाईल, कधी येईल याचा भरवसा नसायचा. दिवसभर निंदण-वेचण करून आलेल्या बायका चुलीवरचं आटोपून, ज्या घरी टीव्ही असेल त्या घरी जाऊन बसायच्या. लाइन गेली तर दुसऱ्या दिवशी कामाच्या तासात एकमेकींना विचारून राहिलेला भाग पुरा करायच्या. बाफ्ता म्हणजे काय हे त्यांतल्या एकीलाही सांगता आलं नसतं. पण आशाबाई खोटं बोलत नाही, एवढं त्या छातीठोकपणे सांगायच्या. इतकी वर्षं रोज एकाच बाईचं काम करताना कंटाळा चेहऱ्यावर येऊ न देणं, ही अल्काझींच्या शाळेतली शिस्त होती. त्यानंतर झी मराठीवर 'होणार सून मी ह्या घरची'मधली आईआजी आली, आणि २०२३मध्ये केदार शिंदेंच्या 'बाईपण भारी देवा'त त्या मंगळागौरीच्या स्पर्धेला उभ्या राहणाऱ्या सहा बहिणींमध्ये थोरली झाल्या. बायका घोळक्यानं, नटूनथटून त्या चित्रपटाला गेल्या. नायक नसलेला चित्रपट चालतो हे तिकीटबारीवर दिसलं.

रंगभूमीनं मात्र त्यांना कधी कडेला उभं केलं नाही. 'अपराजिता' हे एकपात्री नाटक त्यांनी एकटीच्या खांद्यावर पेललं. आणि रामदास भटकळांनी 'जगदंबा' लिहिलं तेव्हा त्या पुन्हा कस्तुरबा झाल्या. या वेळी मात्र गांधींची गोष्ट बा सांगतात. अ‍ॅटनबरोंच्या चित्रपटात जी बाई नवऱ्याच्या चरित्रातलं एक पान होती, ती इथे स्वतः बोलायला लागली. एकाच अभिनेत्रीनं एकाच ऐतिहासिक बाईला आधी शेजारी आणि मग मधोमध उभं करावं, असं दुसरं उदाहरण मला ठाऊक नाही.

यवतमाळहून कळंब-देवळीमार्गे वर्धा आणि तिथून सेवाग्राम, हा आमचा नेहमीचा रस्ता. आश्रमात बापूंच्या कुटीपाशी गर्दी असते. बा-कुटी त्या मानानं मोकळी. सतत माणसांनी वेढलेल्या त्या ठिकाणी बांची अडचण होते हे पाहून जमनालाल बजाजांनी ती बांधून दिली. स्वातंत्र्यलढ्याच्या आमच्या जिल्ह्यातल्या आठवणीही पुरुषांच्या नावानं सांगितल्या जातात. १९३०चा पुसदचा जंगल सत्याग्रह म्हटला की लोकनायक बापूजी अणे. ते खरंच आहे. त्यांच्या मागे घरं कोणी सांभाळली हे कुठे लिहून ठेवलेलं नाही.

आणि नंतरच्या काळात हा जिल्हा देशाला माहीत झाला तो शेतकरी आत्महत्यांमुळे. त्या बातम्यांतही बाई कडेलाच असते. फोटोत ती भिंतीला टेकून, पदर डोक्यावर, नवऱ्याचा फोटो हातात घेऊन बसलेली. सरकारी मदत एक लाखाची. त्यातले तीस हजार रोख, सत्तर हजार ठेवीत, तेही प्रकरण पात्र ठरलं तर. कर्ज बिनपरवाना सावकाराचं असलं की अपात्रचा शिक्का. वखरणीपासून वेचणीपर्यंत राबलेल्या बाईचं नाव सातबाऱ्यावर सापडत नाही.

या बायकांना श्याम पेठकर आणि हरीश इथापे यांनी रंगमंचावर आणलं. पेठकरांनी 'तेरवं' लिहिलं, इथाप्यांनी बसवलं आणि भूमिका केल्या त्या अशा घरांतल्या बायकांनीच. त्यांच्यापैकी एक वैशाली येडे, आमच्याच कळंब तालुक्यातल्या राजूरच्या. जानेवारी २०१९मध्ये यवतमाळला ब्याण्णवावं साहित्य संमेलन भरलं. लेखिका नयनतारा सहगल यांना दिलेलं उद्घाटनाचं निमंत्रण मागे घेतलं गेलं आणि त्यावरून मोठं वादळ उठलं. ते निमंत्रण मागे घेणं चुकीचं होतं, असं मला तेव्हाही वाटत होतं आणि आजही वाटतं. त्यानंतर उद्घाटक म्हणून वैशालीताईंचं नाव पुढे आलं. अध्यक्ष अरुणा ढेरे आणि उद्घाटक राजूरची एक शेतकरी बाई. माईकसमोर त्या उभ्या राहिल्या आणि बोलल्या ते न अडखळता, आपल्या बोलीत, थेट माणसांच्या डोळ्यांत बघून. त्यांना सभेत बोलायचं बळ नाटकानं दिलं होतं. हजारो माणसांपुढे आवाज कुठे चढवायचा, कुठे थांबायचं हे तालमीत शिकलं जातं. त्याच वर्षी त्या यवतमाळ-वाशीममधून लोकसभेच्या निवडणुकीलाही उभ्या राहिल्या. हरल्या, पण ज्या जिल्ह्यात बाई नवऱ्याच्या बातमीतली दुसरी ओळ होती तिथे मतपत्रिकेवर तिचं नाव आलं.

रोहिणी हट्टंगडी आणि वैशाली येडे यांची तुलना मी करत नाही. एकीच्या मागे राष्ट्रीय नाट्य विद्यालय आणि अनेक दशकांची साधना आहे, दुसरीच्या मागे कोरडवाहू शेत. पण 'सारांश'मधल्या पार्वतीबाई आणि 'अर्थ'मधली ती मोलकरीण ज्यांच्या आयुष्यातून उचललेल्या वाटतात, त्या बायका 'तेरवं'मध्ये स्वतः उभ्या आहेत. म्हणून या दोघी माझ्या डोक्यात एकत्र येतात.

एक गोष्ट मनापासून सांगायची आहे. यवतमाळ, पुसद, वणी, दारव्हा, उमरखेड, कुठेही हौशी नाटक झालं असेल तर त्याची पत्रिका, जाहिरात, फोटो घरात पडलेले असतील. दिवाळीच्या साफसफाईत ते रद्दीत देऊ नका. त्यावर नायक-नायिकेच्या खाली जी नावं छापली आहेत ती वाचा, ती माणसं हयात असतील तर त्यांना गाठा, त्यांच्याकडून ऐकून लिहून काढा आणि जवळच्या सार्वजनिक वाचनालयात एक प्रत ठेवा. आणि 'तेरवं'चा प्रयोग तुमच्या तालुक्याला लागला, तर पास मागू नका, तिकीट काढून जा.